वाळलं, पण गळलं नाही

फेब्रुवारीत मुलीकडे मॅसॅच्युसेट्सला होतो. सकाळी तिच्या घरामागच्या रानात फिरायला जायचो. रान कसलं, नुसते खराटे. जमिनीवर बर्फ, वर राखी आभाळ आणि मधे पान नावाची गोष्ट विसरलेली झाडं. एका वळणावर मात्र कागद चुरगळल्यासारखा आवाज यायचा. तिथे डोक्याएवढ्या उंचीची पाचसहा झाडं होती आणि त्यांच्या अंगावर पानं होती. हिरवी नव्हेत. दूध जास्त झालेल्या चहाच्या रंगाची, पातळ, कडेला वळलेली. वारा आला की सगळी एकदम खडखडायची.

एक पान ओढून पाहिलं. सहज येईल असं वाटलं होतं, आलं नाही. जोर लावला तर पान फाटलं आणि देठाचा तंतुमय तुकडा फांदीलाच राहिला. आपल्याकडे पिंपळाचं गळलेलं पान उचललं तर देठाचं टोक बटणासारखं गुळगुळीत असतं. इथे तसं काही नव्हतं. पान मेलेलं होतं, पण सुटलेलं नव्हतं.

पायवाटेच्या तोंडाशी लावलेल्या पाटीवर झाडाचं नाव होतं, अमेरिकन बीच. खाली पानांचं वर्णन करणारा एक शब्द होता, मार्सेसंट. चाळीस वर्षं इंग्रजीतून मराठीत भाषांतरं करतोय, पण हा शब्द कधी भेटला नव्हता. मुलीला विचारलं, तिलाही ठाऊक नव्हता. शेजारच्या घरातले निवृत्त गृहस्थ जन्मानं तिथलेच, त्यांनीही खांदे उडवले. म्हणजे शब्द इंग्रजीतला खरा, पण इंग्रजी बोलणाऱ्यांच्या रोजच्या वापरातला नव्हे.

अर्थ एका ओळीचा आहे. जे सुकलं आहे, पण गळलेलं नाही, ते मार्सेसंट. उच्चार करताना जोर मधल्या ‘से’वर. या स्थितीचं नाव मार्सेसन्स. मूळ लॅटिन क्रियापद ‘मार्सेरे’, म्हणजे सुकणं, मलूल होणं. त्याला ‘एस्केरे’ हा प्रत्यय लागला की क्रिया नुकती सुरू झाल्याचा अर्थ येतो, सुकू लागणं. हा प्रत्यय आपल्या ओळखीचा आहे, फक्त तो ओळखीचा आहे हे आपल्या ध्यानात नसतं. अ‍ॅडोलेसंट म्हणजे वाढू लागलेला, वयात येणारा. क्रेसंट म्हणजे वाढत जाणारी, म्हणून चंद्रकोर. आजारातून उठणाऱ्याला कॉन्व्हलेसंट म्हणतात, म्हणजे ताकद येऊ लागलेला. या सगळ्या उमेदीच्या भावंडांमध्ये मार्सेसंट हा एकटाच उतरणीला लागलेला.

गंमत अशी की मूळ लॅटिन शब्दात गळण्याबद्दल चकार शब्द नाही. सुकू लागलेलं, एवढंच त्यात आहे. ‘पण गळलेलं नाही’ ही पुढची अट अठराव्या शतकात वनस्पतिशास्त्रज्ञांनी घातली. त्यांची गरजच तशी होती. वनस्पतिशास्त्रज्ञ लिनिअसच्या काळात झाडापानांची वर्णनं लॅटिनमध्ये, कमीत कमी शब्दांत करायची पद्धत पडली. पाकळ्या, निदलं, पानं कधी आणि कशी झाडापासून सुटतात हा ओळख पटवण्याचा एक मुद्दा ठरला आणि त्यासाठी विशेषणांची एक शिडीच तयार झाली.

ही शिडी आपल्या परसात आणि भाजीच्या पिशवीतही दिसते. पिवळ्या धोत्र्याची कळी उमलली की तिच्यावरची हिरवी निदलं तेव्हाच टपकन पडतात. असं लवकर पडणारं ते कॅड्यूकस. आपला वेळ भरल्यावर रीतसर गळणारं ते डेसिड्युअस, ज्याला आपण पानझडी म्हणतो. वांग्याच्या देठाशी असलेली हिरवी टोपी फळ मोठं झालं तरी निघत नाही, डाळिंबाचा मुकुट तर फळ फोडेपर्यंत तसाच असतो. ते पर्सिस्टंट, टिकून राहणारं. काही निदलं नुसती टिकत नाहीत, फळाबरोबर वाढतातही. रसभरीवरचा कागदी कंदील म्हणजे तिची वाढलेली निदलंच. त्यांना अ‍ॅक्रेसंट म्हणतात. आणि पाकळ्या सुकून, चुरगळूनही जागा सोडत नाहीत तेव्हा त्या मार्सेसंट.

या शेवटच्याचं उदाहरण मंडईत दर सकाळी मिळतं. कोवळ्या काकडीच्या किंवा दोडक्याच्या टोकाला तपकिरी, चिंधीसारखं काहीतरी लोंबत असतं. ते सुकलेलं फूल. काम झालं, फळ धरलं, रंग गेला, तरी ते टोकाला धरून असतं. भाजी पारखून घेणारी बाई आधी तिथेच बघते, कारण फूल टोकाला आहे म्हणजे माल कोवळा आहे. केळ्याच्या टोकाला जो काळा, वाळका तुरा असतो तोही फुलाचाच अवशेष. युरोपातल्या क्लोव्हर या चाऱ्याच्या आणि हेदर या झुडपांच्या फुलांचं वर्णन करताना हेच विशेषण वापरतात. स्कॉटलंडच्या माळावर हेदर फुलून गेल्यावरही कित्येक दिवस तपकिरी फुलोरा तसाच उभा असतो.

थोडक्यात, नुसतं वाळलेलं पान मार्सेसंट नव्हे. अंगणात पडलेला पालापाचोळा कितीही कोरडा असला तरी तो मार्सेसंट नाही, तो गळून गेलेला आहे. सदाहरित झाडाची पानं टिकतात, पण ती जिवंत असतात, म्हणून तीही नव्हेत. दोन्ही अटी एकदम पुऱ्या व्हायला हव्यात. जीव गेलेला हवा आणि जागा सुटलेली नको. इंग्रजीत हे विशेषण पानालाही लागतं आणि ते पान अंगावर वागवणाऱ्या झाडालाही.

आता खरा प्रश्न. मेलेलं पान गळत का नाही?

हा प्रश्न मी कितीतरी दिवस उलटा धरून बसलो होतो. आपल्याला वाटतं, पान वाळतं, देठातलं बळ जातं आणि वाऱ्यानं ते पडतं. म्हणजे पडणं ही आपोआप होणारी गोष्ट आणि टिकणं हा अपवाद. झाडाच्या बाजूनं हिशेब बरोबर उलटा आहे. पान टाकणं हे झाडाचं काम आहे, आणि ते जिवंत झाडालाच जमतं.

देठ जिथे फांदीला भेटतो तिथे पेशींचा एक पातळ पट्टा असतो. पान धडधाकट असतं तोवर त्याच्या पात्यातून ऑक्झिन नावाचं संप्रेरक देठाकडे वाहत राहतं आणि हा पट्टा गप्प असतो. पान म्हातारं झालं, दिवस लहान झाले किंवा पाण्याची ओढ लागली की ऑक्झिन आटतं. मग इथिलीन या वायूचा जोर चढतो. पट्ट्यातल्या पेशी विकरं सोडतात आणि ती विकरं पेशींना एकमेकींशी चिकटवून ठेवणारा पेक्टिनचा थर विरघळवून टाकतात. त्याच वेळी फांदीच्या बाजूला बुचासारखा संरक्षक थर तयार होतो. म्हणजे जखम होण्याआधीच खपली धरलेली असते. मग पान पडायला वाऱ्याची झुळूक पुरते. पपईच्या खोडावर एकाखाली एक दिसणारे मोठे व्रण हे या नीटनेटक्या कामाचेच शिक्के.

इथिलीनचा हा उद्योग कळला तो रस्त्यावरच्या दिव्यांमुळे. एकोणिसाव्या शतकात युरोपातल्या शहरांत दगडी कोळशाच्या वायूवर दिवे जळायचे. वायूच्या नळाला गळती लागली की आसपासच्या झाडांची पानं अवेळी गळायची. त्या वायूतला इथिलीन हाच रोपांच्या वाढीत ढवळाढवळ करणारा घटक आहे, हे १९०१ साली सेंट पीटर्सबर्गच्या दिमित्री नेल्युबोव्हनं वाटाण्याच्या रोपांवर दाखवून दिलं. आपल्याकडे आंब्याची अढी घालणाऱ्याला हाच वायू नावानिशी नसला तरी कामावरून ठाऊक असतो. गवतात दाबून ठेवलेला एक आंबा पिकू लागला की शेजारच्यांनाही पिकवतो, तो याच्याच जोरावर.

इथे एक नावाचा घोळ सांगण्यासारखा आहे. १९६० च्या दशकात कपाशीची बोंडं का गळतात याचा शोध घेताना एक संप्रेरक हाती लागलं. गळतीचं कारण सापडलं असं वाटून त्याचं नाव गळण्यावरूनच पडलं, अ‍ॅब्सिसिक आम्ल. पुढे कळलं की गळतीचा मुख्य कारभार इथिलीनकडे आहे आणि या आम्लाची खरी कामं वेगळी आहेत. बियांना निजवून ठेवणं, दुष्काळात पानांची रंध्रं मिटणं ही ती कामं. तोवर नाव रूढ झालं होतं, आणि तेच राहिलं.

गळणं हे जिवंतपणाचं लक्षण आहे हे पटवायला प्रयोगशाळा लागत नाही. भर उन्हाळ्यात हिरव्यागार आंब्यावर एखादीच फांदी वाळलेल्या पानांसकट दिसते. ती फांदी आधी मेलेली असते. पानं टाकायला तिला सवडच मिळालेली नसते. कोकणात आणि मावळात भाताच्या रोपासाठी राब भाजतात, त्याचा तर पायाच हा आहे. ऐनासारख्या झाडांच्या फांद्या पानांसकट तोडतात. त्याला कवळ तोडणं म्हणतात. त्या वाळवून, रोपाच्या जागेवर पसरून उन्हाळ्याच्या शेवटी जाळतात. तोडलेल्या फांदीची पानं वाळली तरी फांदीलाच राहतात, म्हणून भारे बांधून डोक्यावरून शेतात आणता येतात. तीच फांदी झाडावर असती तर पानझडीत तिनं सगळी पानं रानातच सांडली असती. वनस्पतिशास्त्र या तोडलेल्या फांदीला मार्सेसंट म्हणणार नाही, कारण ती झाडाची रीत नव्हे, अपघात आहे. पण कारण एकच आहे. सोडायचं काम पुरं झालेलं नाही.

बीच, हॉर्नबीम आणि ओकच्या बऱ्याच जातींमध्ये हे काम शरद ऋतूत अर्धवट राहतं. पान मरतं, रंग उतरतो, पण देठाशी सुटण्याचा पट्टा पुरता तयार होत नाही. ते काम वसंतात तडीस जातं. तोवर वारा-वादळात काही पानं फाटून पडतात, बाकीची पाच-सहा महिने लटकलेली राहतात. यात आणखी एक बारकावा आहे. ही सवय कोवळ्या झाडांत जास्त आणि मोठ्या झाडांतही खालच्या, आतल्या फांद्यांवर जास्त असते. पन्नास फुटी बीचचा शेंडा उघडा आणि कमरेखाली तपकिरी परकर, असं चित्र हिवाळ्यात सर्रास दिसतं. खालचा भाग हा झाडाचा बालपणीचा भाग, आणि वय वाढलं तरी झाड तिथे लहानच राहतं.

माळ्यांनी याचा उपयोग करून घेतला आहे. बीचचं झाड दरवर्षी कातरत राहिलं तर ते मोठं व्हायचं विसरतं आणि कुंपणभर वाळकी पानं हिवाळाभर टिकतात. थंड वारा अडतो, शेजाऱ्याची नजर अडते, आणि बर्फात तांब्याच्या रंगाची भिंत उभी राहते. इंग्लंड-स्कॉटलंडमध्ये बीचची कुंपणं इतकी आवडीची होण्याचं हे एक मोठं कारण. कुंपण म्हणून लावलेल्या बीचची कमाल मात्र पर्थशरमध्ये मिकलूरला आहे. १७४५ साली लावलेली ही रांग ५३० मीटर लांब आणि सुमारे ३० मीटर उंच आहे. म्हणजे दहा मजली इमारतीएवढं कुंपण, आणि तेही रस्त्याच्या कडेला. त्याची आख्यायिका अशी की लावणारी माणसं पुढच्याच वर्षी कलोडनच्या लढाईत मारली गेली आणि त्यांच्या आठवणीखातर कुंपण आकाशाकडे वाढू दिलं गेलं. आख्यायिका सुंदर आहे, म्हणून मी तिची उलटतपासणी करायला जात नाही.

झाडाला याचा फायदा काय, यावर मात्र एकवाक्यता नाही. मला त्यातलं हरणांचं उत्तर सगळ्यात आवडतं. बीचची कळी सुईसारखी लांब आणि टोकदार असते, आणि ती वाळक्या देठाच्या बगलेत असते. हिवाळ्यात भुकेल्या हरणाला हवी असते ती ही रसदार कळी आणि कोवळी डहाळी. पण घास घ्यायचा तर तोंडात कडक, बेचव, लाकडासारखी पानं येतात. डेन्मार्कमध्ये काही डहाळ्यांवरची वाळकी पानं हातानं काढून त्या हरणांपुढे ठेवल्या गेल्या, काही तशाच ठेवल्या. २००१ साली हे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. बीच आणि हॉर्नबीमच्या बाबतीत हरणांनी सोललेल्या डहाळ्या पसंत केल्या, ओकच्या बाबतीत तसा फरक दिसला नाही. पानं खालच्या फांद्यांवरच का टिकतात, हेही या उत्तरात बसतं, कारण हरणाची मान वर पोचत नाही. दुसरं उत्तर खताचं आहे. शरदात गळलेल्या पानातलं सत्त्व हिवाळाभर पावसा-बर्फानं वाहून जातं. वसंतात पडलेलं पान मात्र ऐन वाढीच्या वेळी मुळांशी पोचतं. तिसरं उत्तर सांगतं की फायदा-बियदा काही नाही. ओक-बीचच्या कुळात सदाहरित झाडंही आहेत आणि पानझडीही. मार्सेसंट झाडं मधल्या पायरीवर रेंगाळलेली आहेत. प्रत्येक गोष्टीला उपयोग असलाच पाहिजे हा हट्ट माणसाचा आहे, झाडाचा नव्हे. त्यामुळे हे तिसरं उत्तर मला पुरेसं प्रामाणिक वाटतं, जरी गोष्ट म्हणून ते हरणाच्या पासंगालाही पुरत नसलं तरी.

फायदा निर्विवाद दिसतो तो दूर अँडीज पर्वतात. व्हेनेझुएला, कोलंबिया, इक्वेडोरमध्ये तीन हजार मीटरच्या वर झाडं संपतात आणि धुक्यातला माळ सुरू होतो. तिथे फ्रायलेहोन नावाची वनस्पती वाढते. खोड माणसाएवढं किंवा त्याहून उंच, शेंड्यावर लवदार पानांचा घोस आणि त्याखाली जमिनीपर्यंत वाळलेल्या पानांचा जाड झगा. नावाचा अर्थ स्पॅनिशमध्ये थोराड जोगी असा काहीसा. धुक्यात लांबून पाहिलं तर झगे घातलेले साधू उभे आहेत असंच वाटतं. या उंचीवर दिवसा ऊन आणि रोज रात्री गोठवणारी थंडी. खोडातलं पाणी गोठलं तर सकाळी ऊन पडल्यावर पानांना पाणी मिळणार नाही. तो झगा खोडाला गोधडीसारखा ऊब देतो. संशोधकांनी काही झाडांचे झगे उतरवून पाहिले, तेव्हा उघडी पडलेली झाडं जास्त संख्येनं मेली. इथे मेलेलं पान जिवंत पानाइतकंच कामाचं आहे.

शब्दाचा आणखी एक वापर जमिनीलगत सापडतो, अळंब्यांमध्ये. स्वीडनच्या एलियास फ्राइझनं एकोणिसाव्या शतकात अळंब्यांच्या एका गटाला मारास्मियस असं नाव दिलं आणि त्याची मुख्य खूण मार्सेसंट असणं ही धरली. बहुतेक अळंब्या दोन दिवसांत कुजून त्यांचा चिखल होतो. या मात्र सुकून आक्रसतात, उभ्याच राहतात, आणि पावसाची सर आली की पुन्हा फुगून छत्री उघडतात. हिरवळीवर गोल रिंगण करून उगवणारी आणि युरोपात पऱ्यांच्या नाचाशी जोडलेली अळंबी याच गटातली. पानाच्या बाबतीत मार्सेसंट म्हणजे परतीचा रस्ता बंद. अळंबीच्या बाबतीत तो उघडा. एकाच शब्दाचे हे दोन स्वभाव कोशात शेजारी शेजारी बसतात आणि भांडत नाहीत.

मारास्मियस हे नाव सुकणं या अर्थाच्या ग्रीक शब्दावरून आलं. तो शब्द आपल्या शाळेच्या पुस्तकातही आहे. कुपोषणानं मूल हाडाकातड्याचं होतं त्या रोगाला इंग्रजीत मरॅस्मस म्हणतात आणि मराठीत सुकटी. मराठी शब्द किती नेमका आहे पाहा. त्याच ग्रीक क्रियापदाला नकाराचा ‘अ’ लागला की ‘अमरांतोस’ होतो, न कोमेजणारा. त्यावरून राजगिऱ्याच्या वंशाचं शास्त्रीय नाव आलं, अमरँथस. राजगिऱ्याचा तुरा किंवा त्याच्या कुळातला कोंबडा वाळला तरी रंग सोडत नाही, म्हणून हे नाव. शेवटचा ‘थ’ मात्र चुकून चिकटलेला. ग्रीक भाषेत फुलाला ‘अँथोस’ म्हणतात, त्याच्याशी गल्लत होऊन ‘त’चा ‘थ’ झाला. एकादशीला राजगिऱ्याचा लाडू खाताना एवढी उचापत कुणी करत नाही, पण सुकटी आणि राजगिरा एकाच धातूच्या दोन टोकांना बसलेले आहेत हे कळल्यापासून मला तो लाडू जरा वेगळा लागतो.

घरी परतल्यावर भाषांतरकाराची खाज सुरू झाली. मार्सेसंटला मराठीत काय म्हणायचं? संस्कृतच्या टांकसाळीत गेलो तर ‘शुष्कस्थायी’ तयार झाला. तो ऐकल्यावर महापालिकेची समिती डोळ्यांपुढे येते. ‘शुष्कलग्न’ व्याकरणाला धरून आहे, लग्न म्हणजे चिकटलेलं. पण वाचक विचारणार, कुणाचं? ‘वाळकं’ म्हटलं तर गळण्याचं सांगायचं राहून जातं. शिवाय उन्हाळ्यात लोक त्याची कोशिंबीर करतात. आपल्याकडे कोमेजणं, सुकणं, वाळणं, झडणं, गळणं असे एकाहून एक नेमके शब्द आहेत. पिकलं पान गळायचंच, हे तर तोंडात बसलेलं. पण न गळलेल्या वाळल्या पानाला विशेषण नाही, असं ठरवून मी गप्प बसलो.

मग गावी गेलो. आमचं गाव सांगली जिल्ह्यात, चहूकडे ऊस. संध्याकाळी काकांबरोबर बांधावर बसलो होतो. समोर दहा-अकरा महिन्यांचा ऊस. वर हिरवे वाढे आणि खाली कांड्यांना लपेटून, लोंबत असलेली वाळकी पानं. वारा आला आणि तोच आवाज आला. कागद चुरगळल्यासारखा.

लहानपणी सुट्टीत आम्हाला त्यात पाठवायचे. उसाच्या पानाची कड करवतीसारखी असते, हातावर बारीक रेघा उठतात आणि घाम लागला की चुरचुरतात. पानाच्या देठावरची कूस कपड्यात शिरली की रात्रभर अंग खाजतं. वाळलेलं पान ओढलं तर देठाचं वेष्टन कांडीला घट्ट धरून असतं, सरळ येत नाही, खाली वाकवून हिसका द्यावा लागतो. गवताच्या कुळातली ही वनस्पती, तिच्या पानाला सुटायचा नेमका सांधाच नसतो. जातीजातीत फरक असतो हे खरं. शिफारस केलेल्या जातींच्या वर्णनात ‘पाचट सहज निघते’ असा गुण मुद्दाम लिहिलेला असतो. ज्यानं एकदा तरी सरी धरून पाला काढला आहे त्यालाच त्या तीन शब्दांची किंमत कळते.

पाचट. शब्द समोरच होता आणि मी टांकसाळीत हिंडत होतो. तो विशेषण नाही, नाम आहे, आणि फक्त उसापुरता आहे. पण उसाच्या अंगावरच्या न गळलेल्या वाळक्या पाल्याला एका घरगुती नावानं ओळखणारी माझी भाषा आहे, कारण इथे त्या पाल्याशी कुणाला तरी झगडायचं असतं. तो काढायचा असतो, तोडणीनंतर फडात उरला की त्याचं काय करायचं ते ठरवायचं असतं. एका हेक्टरमागे ८ ते १० टन पाचट निघतं. पूर्वी काडी लावून मोकळे व्हायचे, आता बरेचजण खोडव्यात सरीआड दाबतात, म्हणजे ओल टिकते आणि कुजून खत होतं. वसंतात पडणाऱ्या बीचच्या पानांचं खताचं उत्तर इथे माणूस हातानं राबवतो.

इंग्रजीतही उसाच्या या पाल्याला शब्द आहे, आणि तो लॅटिन नव्हे. तो आहे ट्रॅश. कचरा. ज्या उसाची पानं आपोआप सुटतात त्याला सेल्फ-ट्रॅशिंग म्हणतात. उद्यानातल्या बीचच्या वाट्याला मार्सेसंट आणि मळ्यातल्या उसाच्या वाट्याला ट्रॅश. एकाच अवस्थेची ही दोन नावं. एक टिपणवहीत लिहिणाऱ्यानं दिलं, दुसरं मळ्यावर मजूर राबवणाऱ्यानं. मराठी शब्द कचरा म्हणून हिणवत नाही आणि लॅटिनचा कोटही चढवत नाही, म्हणून तो मला जास्त बरा वाटतो. अर्थात घरचा आहे म्हणूनही वाटत असेल.

काकांना बीचची झाडं सांगितली. बर्फ, चहाच्या रंगाची पानं, ओढलं तरी न निघणारा देठ, सगळं.

“म्हंजे पाचटच की,” काका म्हणाले.

“तसंच.”

“मग काढत्यात कधी?”

“काढत नाही कुणी. उन्हाळ्याच्या तोंडाला नवी पालवी फुटते तेव्हा आपोआप पडतं.”

काकांनी समोरच्या फडाकडे पाहिलं. अजून सात-आठ सऱ्या राहिल्या होत्या आणि माणूस मिळत नव्हता.

“बरंय बाबा त्यांचं,” ते म्हणाले आणि उठले.